घरात काढलेली सहा वर्षं

(आपल्या गटाच्या दोन दिवसांच्या चित्रपट-अभ्यासवर्गात दुसऱ्या दिवशी केलेल्या भाषणाचा थोडा संपादित मजकूर.)



कालपासून आपण तीन सिनेमे पाहिले. 'पुशिंग हँड्स', 'द वेडिंग बँक्वेट' आणि 'ईट ड्रिंक मॅन वुमन'. तिन्ही तैवानी दिग्दर्शक आणि पटकथाकार आंग ली यांचे, १९९१ ते १९९४ या काळातले. पुढे 'ब्रोकबॅक माउंटन'साठी २००६ मध्ये आणि 'लाइफ ऑफ पाय'साठी २०१३ मध्ये त्यांना दिग्दर्शनाचं ऑस्कर मिळालं. 'लाइफ ऑफ पाय'मध्ये तब्बू आणि इरफान खान असल्यामुळे आपल्याकडेही त्यांचं नाव पोचलं. मला त्या प्रसिद्ध माणसाबद्दल फारसं बोलायचं नाही. त्याआधीच्या माणसाबद्दल बोलायचं आहे, ज्याच्याकडे पदवी होती, बक्षीस होतं, घरी लहान मूल होतं, आणि काम नव्हतं.

मी सिनेमाची अभ्यासक नाही. कुटुंब सल्ला केंद्रात काम करते. आमच्याकडे बाई आली की आधी एक फॉर्म भरायचा असतो. त्यात पतीचा व्यवसाय आणि पत्नीचा व्यवसाय असे दोन रकाने आहेत. नवऱ्याला काम नसलं तर बाई सांगते, "बेकार आहेत, लिहा." स्वतःच्या रकान्यापाशी आलं की म्हणते, "काही नाही, घरीच असते." दोन मुलं, अंथरुणावर पडलेली सासू, नळावरून आणायचं पाणी, आणि 'काही नाही'. आंग ली यांच्या त्या सहा वर्षांबद्दल वाचताना मला हा फॉर्म सारखा डोळ्यांपुढे येत होता.

आधी थोडं घरचं. आंग ली यांचा जन्म १९५४ चा, दक्षिण तैवानमधल्या पिंगतुंग भागातला. आईवडील मूळचे तैवानचे नव्हेत. १९४९ मध्ये चीनमध्ये कम्युनिस्टांची सत्ता आली तेव्हा लाखो लोक समुद्र ओलांडून तैवानला आले, त्यांच्यातले. वडिलांच्या घरच्यांना जमीनदार म्हणून मारलं गेलं होतं. असं सगळं मागे टाकून आलेल्या माणसाला मोठ्या मुलाकडून काय हवं असेल, ते सांगायला नको. मुलानं शिकावं, प्राध्यापक व्हावं, घराणं पुन्हा उभं करावं. वडील शाळेचे मुख्याध्यापक. ताइनान शहरातल्या ज्या नामांकित शाळेत मुलगा शिकत होता, तिथेही तेच मुख्याध्यापक होते. आणि हा मुलगा विद्यापीठाच्या प्रवेशपरीक्षेत दोनदा नापास झाला! तिथल्या समाजात ती परीक्षा म्हणजे आपली दहावी, बारावी आणि लग्नाची बोलणी एकत्र केल्यासारखी. शेवटी तो कला महाविद्यालयात नाटक-सिनेमा शिकायला गेला. वडिलांना ते पसंत पडणं शक्यच नव्हतं.

१९७५ मध्ये ते शिक्षण संपलं, नंतर सक्तीची लष्करी सेवा झाली, आणि मग ते अमेरिकेत इलिनॉय विद्यापीठात नाटक शिकायला गेले. नट व्हायचं होतं. पण इंग्रजी अडखळत होतं, म्हणून नटाचा दिग्दर्शक झाला. तिथेच त्यांना जेन लिन भेटल्या. त्याही तैवानहून आलेल्या, सूक्ष्मजीवशास्त्रात डॉक्टरेट करणाऱ्या. दोघांनी १९८३ मध्ये न्यूयॉर्कमध्ये नोंदणी पद्धतीनं लग्न केलं. ना मांडव, ना पंगत. आंग ली यांच्या आईला ते इतकं कोरडं वाटलं की तिला रडू आवरेना. 'वेडिंग बँक्वेट'मधला नोंदणी कार्यालयाचा प्रसंग आठवा. ती रडणारी आई कुठून आली ते आता कळलं असेल.

लग्नानंतरही काही काळ त्या इलिनॉयमध्ये आणि हे न्यूयॉर्कमध्ये होते. त्यांचं संशोधन, ह्यांचा न्यूयॉर्क विद्यापीठातला सिनेमाचा अभ्यासक्रम. १९८४ मध्ये पहिला मुलगा झाला. त्याच वर्षी आंग ली यांनी 'फाइन लाइन' हा पदवीसाठीचा चित्रपट पूर्ण केला आणि त्याला विद्यापीठात बक्षिसं मिळाली. तैवानला परत जायची बांधाबांध झाली होती. इतक्यात एका बड्या एजन्सीनं सांगितलं, थांबा, तुमच्यात गुण आहेत, आम्ही तुम्हाला काम मिळवून देतो. ते थांबले.

थांबले ते सहा वर्षं.

या काळात न्यूयॉर्कजवळच्या उपनगरात त्यांचं बिऱ्हाड होतं. जेन लिन प्रयोगशाळेत नोकरी करायच्या, घर त्यांच्या पगारावर चालायचं. आंग ली पटकथा लिहायचे, त्या घेऊन निर्मात्यांकडे जायचे, निर्माते 'जरा बदल करा' म्हणायचे, हे बदल करून पुन्हा जायचे, आणि शेवटी काहीच व्हायचं नाही. बाकी वेळ घर. स्वयंपाक, मुलाचं सगळं करणं, आवराआवर.

ही गोष्ट 'यशस्वी पुरुषामागची स्त्री' या मथळ्याखाली जगभर सांगितली जाते. पत्नीनं किती सोसलं, किती विश्वास ठेवला, किती वाट पाहिली, वगैरे. तुम्हाला ही गोष्ट ओळखीची वाटेल, कारण आपल्या महापुरुषांच्या चरित्रांतही ती हमखास असते. मला मात्र खुद्द आंग ली यांनी जे सांगितलं आहे ते जास्त महत्त्वाचं वाटतं. त्यांच्या म्हणण्याप्रमाणे बायकोचा सर्वांत मोठा आधार म्हणजे तिचं स्वतंत्र असणं. तिनं नोकरी शोध म्हणून तगादा लावला नाही, आणि मोठमोठे धीराचे शब्दही दिले नाहीत. ती आपल्या कामात होती. तिनं त्यांना मोकळं सोडलं. जेन लिन यांनीही आपण फार काही केलं असा आव कधी आणलेला नाही. म्हणजे यात 'सोसणं' कुठे आहे? एका शास्त्रज्ञ बाईचं स्वतःचं काम चालू होतं आणि त्या कामाच्या पैशावर घर चालत होतं, इतकंच आहे. पुरुषाच्या पगारावर घर चालतं तेव्हा आपण 'त्यानं किती सोसलं' असं पुस्तक लिहीत नाही.

दोन प्रसंग मला फार आवडतात. एक सासरच्यांचा, म्हणजे जेन लिन यांच्या माहेरच्यांचा. ते अमेरिकेत आले. जावई घरी बसलेला, पण स्वयंपाक उत्तम. त्यांनी सुचवलं, आम्ही भांडवल देतो, तुम्ही हॉटेल काढा. सद्हेतूनंच सुचवलं असणार. जेन लिन यांनी ते पैसे घेतले नाहीत. दुसरा प्रसंग बऱ्याच नंतरचा, नाव झाल्यावरचा. दोघं चिनी वस्तीत भाजी घ्यायला गेली होती. एक बाई कौतुकानं जेन लिन यांना म्हणाली, तुम्ही भाग्यवान, एवढा मोठा माणूस तुमच्याबरोबर भाजीला येतो. त्यावर त्यांनी सुनावलं, की आज मी वेळ काढून त्याच्याबरोबर आले आहे. भाजी घरात नेहमी कोण आणतं, हे त्या बाईच्या डोक्यातच आलं नव्हतं.

आता काल चहाच्या वेळी आपल्यातल्या एकीनं जे विचारलं त्याकडे येते. ती म्हणाली, "आम्ही वीस वर्षं करतोय ते ह्यानं सहा वर्षं केलं, तर टाळ्या कशाला वाजवायच्या?" मला हा प्रश्न टाळायचा नाही.

आंग ली यांना स्वतःला त्या दिवसांची लाज वाटत होती. आपण जपानी नवरा असतो तर केव्हाच हाराकिरी केली असती, अशा अर्थाचं त्यांनी नंतर म्हटलं आहे. विनोदानं म्हटलं, पण त्यातला सल खरा आहे. कर्त्या पुरुषानं बायकोच्या कमाईवर जेवावं आणि भाजी चिरावी, यात मरण्याइतकी नामुष्की आहे असं त्यांना लहानपणापासून शिकवलेलं. बाईला हीच भाजी चिरताना लाज वाटत नाही, कारण तिनं दुसरं काही करणं अपेक्षितच नाही. त्यांची ती सहा वर्षं 'वाया गेलेली' म्हणून मोजली जातात, म्हणजे निदान मोजली तरी जातात. आपली मोजायलाच कोणी बसत नाही. टाळ्या वाजवू नका, पण हा फरक नीट पाहा.

आणखी एक. आमच्या केंद्रात येणाऱ्या कितीतरी जणींचे नवरे नोकरी गेल्यामुळे वर्षानुवर्षं घरी आहेत. तरी बाई सकाळी सगळ्यांचे डबे करून कामावर जाते आणि संध्याकाळी येऊन सिंकमधली भांडी घासते. घरी असलेल्या पुरुषानं घर हातात घेतलंच पाहिजे असं कोणी म्हणत नाही. आंग ली यांनी घेतलं. उपकार म्हणून नव्हे, तर घर चालायला हवं म्हणून. हे मी त्यांच्या बाजूनं नोंदवून ठेवते.

१९९० मध्ये तैवानच्या सरकारी माहिती खात्यानं पटकथांची स्पर्धा घेतली. त्यांनी दोन पटकथा पाठवल्या. 'पुशिंग हँड्स'ला पहिलं बक्षीस आणि 'वेडिंग बँक्वेट'ला दुसरं. तैवानच्या सेंट्रल मोशन पिक्चर कंपनीत शू ली-कुंग नावाचे अधिकारी नुकतेच मोठ्या जागेवर आले होते, त्यांनी पहिल्या पटकथेसाठी पैसे द्यायचं ठरवलं. न्यूयॉर्कमध्ये टेड होप आणि जेम्स शेमस हे दोघं तरुण तेव्हा छोटी निर्मितीसंस्था काढून बसले होते. आंग ली त्यांच्याकडे गेले. शेमस यांनी ही भेट लिहून ठेवली आहे. माणसाला आपलं म्हणणं विकता येत नव्हतं, बोलणं कंटाळवाणं होतं. पण ऐकता ऐकता शेमस यांच्या लक्षात आलं की हा करायच्या सिनेमाबद्दल बोलत नाहीये, डोक्यात आधीच करून झालेल्या सिनेमाचं वर्णन करतो आहे.

तो कुठे करून झाला होता? माझं उत्तर तुम्हाला माहीत आहे. त्याच घरात.

'पुशिंग हँड्स'ची सुरुवात आठवा. पहिली काही मिनिटं जवळजवळ संवादच नाही. बीजिंगहून मुलाकडे राहायला आलेले म्हातारे चू, ताइ-चीचे गुरू, आणि त्यांची अमेरिकन सून मार्था. मुलगा कामावर, नातू शाळेत. एका घरात दोन माणसं, मध्ये एकही समाईक भाषा नाही. ते व्यायाम करतात, टीव्ही लावतात, आपलं जेवण करतात. ती संगणकापुढे बसून लिहायचा प्रयत्न करते आणि तिला लिहिता येत नाही. दिवसभर घरात राहिलेल्या माणसालाच हे दृश्य सुचेल. घर म्हणजे विसाव्याची जागा, असं बाहेरून येणाऱ्याला वाटतं. जो आत असतो त्याला भांड्याचा आवाज, दाराचा आवाज, दुसऱ्याच्या श्वासाचा आवाज, सगळं ऐकू येतं.

इथे मला एक गोष्ट दिसली, ती पहिल्यांदा पाहताना निसटली होती. घरात बसून लिहिणारा, लिहिणं अडलेला, मूल सांभाळत लिहिणारा माणूस खऱ्या आयुष्यात कोण होता? स्वतः आंग ली. सिनेमात ती खुर्ची त्यांनी सुनेला दिली. मार्थाच्या पोटात व्रण होऊन रक्तस्राव होतो, तिला दवाखान्यात न्यावं लागतं. इतका त्रास त्यांना ठाऊक होता. पण तिच्याबद्दल आपल्याला प्रेम वाटतं का? नाही वाटत. ती चिडकी, त्रासिक, परकी वाटते, कारण कॅमेरा म्हाताऱ्याच्या बाजूला आहे. स्वतःचं दुखणं त्यांनी बाईला दिलं आणि सहानुभूती बापाला. मला हे खटकतं.

तरीही बापालाही मोकळं सोडलेलं नाही. म्हातारा रस्ता चुकतो तेव्हा मुलगा रागानं स्वयंपाकघराची नासधूस करतो. राग बापाचा, बायकोचा, स्वतःचा, आणि फुटतात ती स्वयंपाकघरातली भांडी. आपल्याला हे दृश्य नवीन नाही. शेवटी म्हातारा घर सोडतो आणि चिनी हॉटेलात भांडी घासायला लागतो. मोरीपाशी उभा राहून मालकाच्या शिव्या खाणारा पुरुष, तोही मोठा गुरू! दुसरीकडे विधवा मिसेस चेन पाककला शिकवतात, त्यांनाही मुलीच्या घरात जागा नाही. सून-मुलगा वाईट नाहीत, घर लहान आहे आणि वेळ कोणाकडेच नाही. वृद्धांचा प्रश्न सुनेच्या स्वभावावर ढकलून मोकळं होणाऱ्या आपल्या मालिकांपेक्षा हे कितीतरी प्रामाणिक आहे.

'वेडिंग बँक्वेट'वर काल पुष्कळ वाद झाला, म्हणून त्याबद्दल थोडंच बोलते. न्यूयॉर्कमध्ये आपल्या मित्राबरोबर, सायमनबरोबर, संसार करणारा वाय-तुंग. तैवानमधले आईवडील लग्नासाठी मागे लागलेले. त्यांच्या समाधानासाठी चीनहून आलेल्या वेइ-वेइ नावाच्या चित्रकार मुलीशी खोटं लग्न ठरतं, कारण तिला अमेरिकेत राहण्याचा परवाना हवा आहे. मूळ कल्पना पटकथेचे सहलेखक नील पेंग यांच्या ओळखीतल्या एका खऱ्या प्रसंगावरून आली. १९९३ मध्ये या चित्रपटाला बर्लिनमध्ये गोल्डन बेअर विभागून मिळालं आणि अत्यंत कमी पैशात केलेला हा सिनेमा जगभर चालला. तैवानमध्ये समलिंगी विवाहाचा कायदा झाला तो २०१९ मध्ये, म्हणजे २६ वर्षांनी. १९९३ मध्ये दोन पुरुषांचा संसार इतका साधा, भांडणं-बिलं-जेवणखाण असलेला दाखवणं ही लहान गोष्ट नव्हती.

माझ्या लक्षात राहिलं ते जेवण. वेइ-वेइला स्वयंपाक येत नाही. सासूसासऱ्यांपुढे ताटं ती मांडते, पण स्वयंपाक सायमननं केलेला असतो. सुनेचं कौतुक होतं, करणारा वेगळाच. आपल्या घरांत हे उलटं चालतं, काम बायकांचं आणि नाव घराण्याचं. या एका खोट्यात सगळ्या चांगल्या सुनेचं सोंग उघडं पडतं.

पण वेइ-वेइचं पुढे काय होतं? ती गरोदर राहते, गर्भपाताला निघते, वाटेत मन बदलते. सायमनला दुसरा बाप व्हायला सांगते. म्हाताऱ्या बापाला सगळं आधीच कळलेलं असतं. तो ते फक्त सायमनला सांगतो, बायकोपासून लपवतो, आणि मनात नातवाचा हिशेब धरून गप्प राहतो. आईलाही मुलानं स्वतः सांगितलेलं असतं, आणि ती म्हणते, वडिलांना कळू देऊ नकोस. सगळेजण एकमेकांना सांभाळून घेतात. पुरुष-पुरुष एकमेकांना माफ करतात. आणि या सगळ्या समजूतदारपणाची किंमत कोणाच्या पोटात वाढते आहे? शेवटपर्यंत तिच्या चित्रांबद्दल कोणी विचारत नाही. ज्या चित्रकार मुलीची ओळख आपल्याला सुरुवातीला झाली, ती वंशाचं मूल वाढवणारी झाल्यावर दिग्दर्शकही तिची चित्रं विसरला. काल काही जणी म्हणाल्या, तिनं निर्णय स्वतः घेतला. घेतला, मान्य. पण तिच्यापुढे पर्याय किती होते, तेही मोजायला हवं. (जाता जाता: ही भूमिका करणारी मे चिन पुढे राजकारणात गेली आणि तैवानच्या आदिवासी मतदारांची प्रतिनिधी म्हणून संसदेत निवडून आली.)

तिसरा, 'ईट ड्रिंक मॅन वुमन', १९९४. हे नाव जुन्या चिनी धर्मग्रंथातल्या एका विचारावरून घेतलेलं आहे, की खाणंपिणं आणि स्त्री-पुरुषांचं आकर्षण या माणसाच्या मूळ वासना. पटकथेत आंग ली आणि शेमस यांच्याबरोबर वांग ह्वेइ-लिंग ही तैवानी लेखिका आहे, आणि ते जाणवतं. तीन मुली तीन स्वतंत्र माणसं आहेत. मोठी रसायनशास्त्राची शिक्षिका, मधली विमान कंपनीत अधिकारी, धाकटी बर्गरच्या दुकानात. आई नाही. बाप तैपेइतला मोठा आचारी. दर रविवारी तो शंभर पदार्थांचा घाट घालतो आणि मुली त्या टेबलाशी शिक्षा झाल्यासारख्या बसतात.

इथे स्वयंपाकघर बापाचं आहे. ते आपल्या अनुभवाच्या उलटं वाटतं, पण जगातले नावाजलेले आचारी पाहा, पुरुषच दिसतील. पगार आणि मान असलेला ओटा पुरुषाचा, फुकटचा ओटा बाईचा. मधल्या मुलीला, जिया-चिएनला, लहानपणी याच ओट्यापाशी राहायचं होतं. बापानं तिला बाहेर काढलं, शिकून मोठी हो म्हणून. तिच्या भल्यासाठीच! आपण 'चूल आणि मूल'विरुद्ध घोषणा देतो. इथे एक मुलगी चुलीपासून हाकलली गेली म्हणून रडते आहे. मला हे पाहताना आधी गोंधळायला झालं. मग वाटलं, प्रश्न चुलीचा नाहीच. कुठे उभं राहायचं हे कोण ठरवतं, हा आहे. तिला आत ठेवणाराही बाप, बाहेर काढणाराही बाप.

हा बाप शेजारच्या घटस्फोटित तरुण बाईच्या, जिन-रुंगच्या, लहान मुलीसाठी रोज शाळेत डबा घेऊन जातो आणि त्या आईनं केलेला बेचव डबा स्वतः खातो. वर्गातली पोरं भोवती जमून उद्याच्या फर्माइशी देतात. तिन्ही सिनेमांत मला हाच प्रसंग सर्वांत खरा वाटला. शाळेत डबा पोचवायची वेळ कधी चुकवता येत नाही, हे ज्यानं स्वतः मूल सांभाळलंय त्यालाच कळतं.

त्याच १९९४ च्या सप्टेंबरमध्ये तैवानच्या घटनापीठानं एक निर्णय दिला. तिथल्या नागरी कायद्यात एक कलम होतं: मुलाच्या बाबतीत आईवडिलांचं एकमत झालं नाही तर वडिलांचा शब्द शेवटचा. हे कलम समानतेविरुद्ध आहे असं घटनापीठानं म्हटलं आणि १९९६ मध्ये कायदा बदलला. त्यामागे बायकांच्या संघटनांची वर्षानुवर्षांची खटपट होती. १९४९ पासूनचा लष्करी कायदा १९८७ मध्ये उठला. त्याच्या पाच वर्षं आधी, १९८२ मध्ये, तिथल्या काही जणींनी 'अवेकनिंग' नावाचं स्त्रियांचं मासिक सुरू केलं होतं. पुढे २००२ मध्ये त्यांच्या कायद्यात असं आलं की घरखर्चातला वाटा ठरवताना घरकामही धरायचं, आणि घरखर्चापलीकडे एकानं दुसऱ्याच्या हाती स्वतःच्या मर्जीनं खर्चायला काही रक्कम द्यावी असा करार नवराबायकोला करता येईल. करार झाला तरच, ही त्यातली मेख. तरीपण 'काही नाही' या रकान्यात कायद्यानं काहीतरी लिहिलं.

आंग ली यांच्या सिनेमांनी हा कायदा आणला असं मी म्हणत नाही. बापाचा शब्द शेवटचा असलेल्या त्या टेबलावर एकाच काळात दोन बाजूंनी हात पडत होता, एवढंच दिसतं. आणि त्यांचा हात हळू पडतो. 'ईट ड्रिंक'च्या शेवटी घर विकलं जातं. शेवटचा रविवार, जिया-चिएन स्वयंपाक करते, आणि जेवायला एकटा बाप येतो. त्याची चव गेलेली असते, आठवतं? तो सूप पितो आणि कुरकुरतो, आलं जास्त झालंय. मग दोघांनाही कळतं की त्याला चव लागली! म्हणजे बापाची चव परत आली ती मुलीच्या हातची. छान आहे, डोळ्यांत पाणी येतं. पण मला अजून ठरवता येत नाही, की तिला ओटा परत मिळाला की बापाला फक्त नवा आचारी.

१९९५ मध्ये आंग ली इंग्लंडला 'सेन्स अँड सेन्सिबिलिटी' करायला गेले, एमा थॉम्प्सनच्या पटकथेवर, आणि हा पहिला टप्पा संपला.

एक कबुली देऊन थांबते. जिन-रुंगची भूमिका करणारी सिल्विया चँग हीसुद्धा तैवानचीच, आणि ती १९८० च्या दशकापासून स्वतः चित्रपट लिहिते, दिग्दर्शित करते. काल एकीनं तक्रार केली, की तैवानचा सिनेमा म्हटल्यावर बायकांच्या अभ्यासवर्गातही आधी पुरुषाचेच तीन सिनेमे कसे आले? तक्रार बरोबर आहे. मला जे सहज मिळालं ते मी आणलं, आणि सहज काय मिळतं यामागे जी कारणं असतात ती इथे सगळ्यांना माहीत आहेत. सिल्विया चँगचा '२० ३० ४०' हा २००४ चा चित्रपट आहे, तीन वयांतल्या तीन बायकांचा. पुढच्या वेळी तो मिळवायचा प्रयत्न करते. कोणाकडे असेल तर चहाच्या वेळी मला सांगा.